बासरीआधीचा सूर

१२ जानेवारी

औषधांच्या दुकानातून ह्यांना ही डायरी फुकट मिळाली. पहिल्या पानावर त्यांनी आपला रक्तदाब लिहिलाय आणि बाकीचं वर्ष माझ्या नावावर केलंय. "रोज घरी येऊन माझं डोकं खातेस, त्यापेक्षा ह्यात लिही," म्हणाले. निदान हळू तरी म्हणावं माणसानं. ह्यांना आताशा हळू बोलणं म्हणून जमत नाही. उभा जन्म शिलाई मशीनच्या खडखडाटात गेला, आता मशीन थांबलं तरी आवाज काही खाली येत नाही.

तर लिहिते. आमच्या वाद्यवृंदानं नवी सिंफनी धरलीय. संचालकही ह्या हंगामापासून नवे. हातात पांढरी काडी घेऊन उभे राहतात म्हणून आमच्या मागच्या रांगेतल्या दाढीवाल्यानं पहिल्याच दिवशी त्यांचं 'काडीवाले' असं बारसं केलं आणि नाव चिकटलं. माणूस काटेकोर. एक सूर हलला की काडी खाली.

चेलोंमध्ये, त्या जमिनीवर टेकवून वाजवायच्या थोरल्या व्हायोलिनांत, मी पहिल्या खुर्चीवर, म्हणजे म्होरकी. उजव्या हाताला, माझ्याच स्टँडवर, पेन्सिल. अंबाड्यात कायम पेन्सिल खोचलेली, म्हणून पेन्सिल. तिशी ओलांडलीय, पण माझ्यापुढे पोरच. तिचं उमेदवारीचं वर्ष चाललंय. ठेवायची की निरोप द्यायचा ते पुढच्या महिन्यात ठरणार. स्टँडवर स्वरांचं पुस्तक दोघींत एकच, आणि पान उलटायचं काम आतल्या खुर्चीचं, म्हणजे तिचं.

ह्या सिंफनीत एक जागा फार सुंदर आहे. सगळा वृंद गरजत येतो आणि एकदम थांबतो. शांतता. काडीवाले हात वर धरून पुतळ्यासारखे. मग पार मागून एक बासरी अगदी हळू एकच सूर धरते आणि त्या सुराखालून आम्ही चेलो निघतो. काडीवाले आम्हाला खूण करत नाहीत. "बासरी ऐका आणि निघा. मी मध्ये लुडबूड करणार नाही," म्हणाले. बाकीच्या चेलोंनी कुणाकडे बघून निघायचं? माझ्याकडे.

१६ जानेवारी

बासरीवाला नको तितकं हळू वाजवतो. आज तालमीत मी म्हटलंच, "जरा मोठा काढ की सूर, इथवर पोचू दे." तो माझ्याकडे बघतच राहिला. काडीवाले म्हणाले, "मला तर अजून हळू हवाय." घ्या. बोलून शहाणी झाले.

पण आमचं अडत नाही. पेन्सिलचा आणि माझा श्वास असा जुळलाय की काय सांगू. निघायच्या आधी ती श्वास घेते, तिचा डावा खांदा माझ्या शेजारी तसूभर उचलतो आणि माझा गज सुटतो. मागची सगळी रांग माझ्याबरोबर. आज काडीवाल्यांनी चक्क मान डोलावली. घरी येऊन ह्यांना सांगितलं तर म्हणाले, "म्हणजे म्होरकी कोण, तू का ती?"

नवऱ्याला संगीतातलं कळत नाही ते एका परीनं बरंच आहे.

२१ जानेवारी

पेन्सिलची एक खोड मात्र डोळ्यांत खुपते. पान असं उलटते की जणू दुसऱ्याच्या घरातलं कपाट चोरून उघडतेय. कोपर बरगडीला चिकटवायचं आणि नुसत्या मनगटानं, खेकड्यासारखं. एकदा पान अर्धवट राहिलं, एकदा दोन पानं एकदम गेली. संगीत विद्यालयाचं पदक मिळवलेली मुलगी आणि पान उलटता येऊ नये? "हात मोकळा सोड गं," म्हटलं. "हो ताई," म्हणते आणि पुन्हा तेच. पालथ्या घड्यावर पाणी.

संध्याकाळी लेकीचा फोन. तिच्या फोनचं काहीतरी बिघडलंय, तोंडात गुळणी धरल्यासारखी बोलते. तीनदा विचारलं तेव्हा कळलं की 'आई, कान दाखवून ये' म्हणतेय. म्हटलं, तू आधी तुझा फोन दाखवून ये.

२४ जानेवारी

आज तालीम नव्हती. लेकीचं बोलणं डोक्यातून जाईना.

लहानपणी आमच्या घरी वरच्या खोलीत एक भाडेकरू राहायचा. एका सकाळी तो न सांगता गेला आणि चेलो मागे ठेवून गेला. वडील म्हणाले, परत येईल, असू दे. आईनं त्यावर ओले टॉवेल वाळत घातले. तो आला नाही. मी रेडिओ ऐकायची आणि ऐकलेलं टॉवेलांखाली शिरून तारांवर शोधायची. गुरू नाही, शाळा नाही. गज कसा धरायचा ते एका जुन्या कॅलेंडरवरच्या चित्रात बघितलं, आणि ते चित्र छापताना उलटं झालं होतं म्हणून वर्षभर डाव्या हातात धरला.

वृंदाच्या परीक्षेला गेले तेव्हा समोर स्वरांचा कागद ठेवला. मला तो वाचता येईना. म्हटलं, कुणीतरी एकदा वाजवून दाखवा. दाखवलं. मी ते तसंच्या तसं परत दिलं. तेव्हाचे संचालक, जुने, आता नाहीत, ते शेजारच्यांना म्हणाले, "हिला वाचायला शिकवता येईल. हे कान मात्र शिकवून येत नाहीत."

वाचायला पुढे शिकले, ठेचकाळत. आमच्या वृंदात प्रत्येकाच्या भिंतीवर कुठलं ना कुठलं प्रमाणपत्र लटकतंय. माझ्याकडे हे दोन कान. त्यांच्या जिवावर पहिल्या खुर्चीपर्यंत आले. आणि लेक म्हणते दाखवून ये.

२९ जानेवारी

उद्या कार्यक्रम. रेडिओवरूनही जाणार आहे म्हणून सगळे नवरीसारखे नटून-थटून शेवटच्या तालमीला.

नेमकं त्या शांततेच्या जागेवर पान उलटायचं असतं. पेन्सिलनं ते तिच्या खेकडा पद्धतीनं उलटलं आणि पान फरफरलं. शांततेत केवढं ऐकू येतं म्हणे ते. मला नाही जाणवलं, पण काडीवाल्यांनी काडी खाली घेतली आणि आमच्या स्टँडकडे बघितलं. मला ओशाळल्यासारखं झालं. माझ्या स्टँडवरून असं होऊ नये. सगळ्यांदेखत म्हटलं, "अगं, पान उलटतेस का खिसा कापतेस? खांद्यापासून हात उचल, माणसासारखा."

मागे कुणीतरी हसलं. पेन्सिल लाल झाली. म्हणाली, "ताई, मी असं करते त्याला कारण आहे..."

"कारण तुझं आणि घोटाळा माझ्या स्टँडवर. उद्या नीट."

"हो ताई."

जरा जास्तच बोलले असेन. पण खुंटी पिळल्याशिवाय तार सुरात येत नाही.

३० जानेवारी

आज लिहवत नाही.

३१ जानेवारी

लिहिते. पोटात ठेवून ते पचणार नाही.

वृंद गरजून थांबला. सभागृह गच्च भरलेलं. काडीवाल्यांचे हात वर, डोळे मागे बासरीवाल्याकडे. माझं बोट तारेवर दाबलेलं, गज टेकलेला, नजरेच्या कोपऱ्यात पेन्सिल. तिचा खांदा उचलला. मी निघाले.

एकटीच निघाले.

भरलेला, बोट हलवून थरथरता केलेला सूर, आणि भोवती नुसती शांतता. तान्हं मूल झोपलेल्या घरात परात पडावी तसा. पेन्सिलचा खांदा श्वासासाठी उचललाच नव्हता. ती पान उलटत होती. खांद्यापासून, मोकळ्या हातानं, माणसासारखं.

गज मध्येच उचलला; मागची रांग बासरीसाठी थांबलेली होती. बासरी कधी आली मला ठाऊक नाही. तिचा खांदा पुन्हा उचलला तेव्हा निघाले आणि बाकीचं सगळं पार पडलं. टाळ्याही पडल्या.

आतल्या खोलीत काडीवाले थेट आमच्या दोघींसमोर येऊन उभे राहिले. रागावले नव्हते, पांढरे पडले होते. "पहिल्या स्टँडवरून आला तो. काय झालं?"

मी तोंड उघडलं. खरंच उघडलं होतं. पण तेवढ्यात पेन्सिल म्हणाली, "माझ्याकडून झालं. पान उलटताना गज तारेला लागला."

मी तोंड मिटलं.

सुंठीवाचून खोकला गेला, हे पहिलं मनात आलं. पोरीची कीव, स्वतःचा राग, हे सगळं नंतर. पहिलं आलं ते सुटल्याचं सुख. ते पहिलं आलं ह्याचीच रात्रभर लाज वाटतेय.

तो सूर मोकळ्या तारेचा नव्हता. डाव्या हातानं तार दाबल्याशिवाय तो निघतच नाही, आणि तिचा डावा हात तर पानावर होता. पण काडीवाले मूळचे पियानोवाले, त्यांच्या ध्यानात आलं नाही. तिच्या-माझ्याशिवाय कुणाला कळायचं कारण नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची.

आणि तसं बघितलं तर खांदा तिनंच उचलला ना? असं स्वतःला सांगून बघितलं. दोनदा सांगितलं. नाचता येईना आणि अंगण वाकडं, दुसरं काय.

१ फेब्रुवारी

हे रेडिओला कान लावून बसले होते ते मला माहीत होतं. कालचा दिवस काही बोलले नाहीत. आज सकाळी चहा गाळता गाळता म्हणाले, "परवा छान वाजवलंस. विशेष करून एकटीनं वाजवलंस ते."

"ते मी नव्हते. पेन्सिलचा गज लागला."

ह्यांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. "एवढी वर्षं शेजारच्या खोलीत तुझा सूर ऐकत मी काजं केली. गर्दीत दुसऱ्याच्या अंगावर मी केलेलं काज दिसलं तर मला ओळखू येतं. तुझा सूर येणार नाही?"

मी विचारलं, "मग काय करू म्हणता?"

"मला काय विचारतेस? मला कुठं संगीतातलं कळतं?"

ह्या माणसाशी भांडायचं तरी कसं?

४ फेब्रुवारी

बिचारी पेन्सिल. मागची मंडळी तिच्यावर भलतीच रुष्ट झालेली दिसतात. तालमीत कुणी विनोद केला नाही, कुणी कुणाची टर उडवली नाही. चहाच्या सुट्टीत दाढीवाला नेहमी माझा कप घेऊन येतो, आज विसरला. मीच घ्यायला गेले तर घोळका पांगला. तिच्याविषयी बोलत असणार आणि मी तिची शेजारीण, म्हणून अवघडले असतील.

वरवर मात्र तिच्याशी गोड. कुणी बिस्किटं देतंय, कुणी तिची पेटी जिन्यावरून उतरवून देतंय. पोटात एक आणि ओठात एक असं वागणं मला आवडत नाही. मी सरळ मागे वळून म्हटलं, "झालं गेलं विसरा आता. पोरीला समजून घ्या. चुकतं माणूस."

 दाढीवाला गजाला राळ लावत होता, तो लावतच राहिला.

पेन्सिल खाली मान घालून तार लावत होती. मला वाटलं, मी तिची बाजू घेतली म्हणून तिला भरून आलं असेल. आता लिहिताना वाटतं, कसली बाजू घेतली मी?

८ फेब्रुवारी

काडीवाल्यांनी खोलीत बोलावलं. पेन्सिलचा निर्णय सतरा तारखेला. तत्पूर्वी पहिल्या खुर्चीचं मत घ्यायचा रिवाज आहे.

मी हातचं राखून ठेवलं नाही. तिचा गज, तिचा अभ्यास, वेळेआधी येणं, दुसऱ्याचा सूर सांभाळून घेणं. बोलता बोलता वाटायला लागलं की फेडते आहे मी, आणि असं बोलून फिटेल.

त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाले, "खरं आहे सगळं. पण शांततेत ज्याचा गज हलतो त्याच्या भरवशावर मी कसा राहू? तो सूर घरोघरी गेलाय."

"एखादी चूक होते."

"तुमच्याकडून झाली असती?" सरळ विचारलं त्यांनी. टोमणा नव्हता त्यात.

"होऊ शकते," मी म्हटलं.

एवढंच. दार सताड उघडून दिलं होतं त्या माणसानं आणि मी उंबऱ्यावरून परत फिरले.

ते म्हणाले, "इतक्या वर्षांत झाली नाही, म्हणूनच तुम्ही त्या खुर्चीवर आहात."

खाली मान घालून आले. जिन्यात पेन्सिल भेटली, तिनं वाट दिली.

१० फेब्रुवारी

आज सगळे गेल्यावर वाद्यांच्या खोलीत तिला गाठलं. ती चेलो पुसून पेटीत ठेवत होती. दार लोटलं आणि विचारलं, "खोटं का बोललीस?"

"खोटं कुठं, ताई? माझ्याकडूनच झालं ना. खांदा मी उचलला."

"खांद्याचा काय संबंध?" मी म्हटलं.

तिनं कापड घडी करून ठेवलं. मग तोंड माझ्याकडे करून, शब्द सुटे सुटे करत बोलली. ती माझ्याशी नेहमी असंच बोलते. मला वाटायचं, वळण चांगलं आहे.

"तुम्ही माझ्या खांद्याकडे बघून निघता, ते मला आल्यापासून माहीत आहे. बासरी सुरू व्हायची आणि तुमचा गज हलायचा नाही. मी श्वास घेतला की हलायचा. म्हणून मग मी श्वास मोठा घ्यायला लागले. आणि एरवी खांदा हलू नये म्हणून पान मनगटानं उलटायचे."

मी एका पेटीवर बसले.

"सांगायचंस की गं मला."

"त्या तालमीत सांगणार होते." तिनं पेटीचं झाकण लावलं. "पण सगळे ऐकत होते."

म्हणजे मी तिला चारचौघांत खिसेकापू म्हणत होते तेव्हा ती माझी अब्रू झाकत होती.

"आणि नंतर? सगळं स्वतःवर कशाला घेतलंस? नोकरी जाईल तुझी."

"मी दुसऱ्या गावी परीक्षा देईन, ताई. नाही जमलं तर शिकवण्या करीन. तुम्ही त्या खुर्चीवरून उठलात तर कुठं जाल?"

वाईट भावानं नाही म्हणाली. फार मायेनं म्हणाली. कुणी थोबाडीत मारली असती तर बरं वाटलं असतं. एवढ्याशा पोरीनं माझी कीव केली, मी ती गुपचूप खिशात घातली, आणि वर मागे वळून म्हटलं, पोरीला समजून घ्या.

घरी येईपर्यंत धड दिसत नव्हतं. ह्यांना म्हटलं, कान दाखवायचेत. हे लगेच चप्पल शोधायला लागले. आज नाही हो, म्हटलं, आता दवाखाना बंद झाला असेल.

१२ फेब्रुवारी

कानाच्या डॉक्टरांकडे एक छोटी काचेची खोली आहे. आत बसायचं, कानांना डबडी लावायची, सूर ऐकू आला की बटण दाबायचं. काचेपलीकडे एक मुलगी यंत्र चालवते. मी बटण दाबत गेले. छान चाललं होतं. मलाच अभिमान वाटायला लागला.

मग ती आत आली आणि गोड हसून माझी खुर्ची भिंतीकडे वळवून गेली.

मी तिच्या हाताकडे बघत होते. तिचा हात हलला की बटण दाबत होते. शपथेवर सांगते, मला कळलंसुद्धा नाही मी तसं करतेय.

भिंतीकडे तोंड केल्यावर बराच वेळ काहीच आलं नाही. मला वाटलं, यंत्र बंद पडलं. काचेवर टकटक करणार होते. वळून बघितलं तर ती यंत्रावर वाकून काम करतच होती, आणि तिच्या मागे हे उभे. ह्यांचा चेहरा बघितला आणि कळलं की सूर येत होते.

डॉक्टर म्हणाले, उंच आणि हळू सूर गेलेत. एकदम नाही, हळूहळू, काही वर्षं झाली असतील. यंत्र मिळेल कानात घालायला, त्यानं पुष्कळ फरक पडतो. पहिल्यासारखं नाही.

बाहेर आल्यावर ह्यांना विचारलं, "तुम्ही ओरडून बोलता ते..."

"मग काय," हे म्हणाले. "माझा घसा काय फुकटचा आहे?"

१४ फेब्रुवारी

मनाचं कसं असतं ते लिहून ठेवते, म्हणजे पुढे स्वतःला फार चांगली समजायला नको.

कालपासून हिशेब चाललेत. यंत्र पुढच्या आठवड्यात मिळणार. केस थोडे पुढे घेतले तर दिसणार नाही. हंगाम संपेपर्यंत रेटायचं आणि मग फुलं घेऊन, मानानं उठायचं. पेन्सिलसाठी ओळखीच्या दोन संचालकांशी बोलायचं. माझ्या शब्दाला किंमत आहे अजून. म्हणजे तिचंही भलं, माझंही भलं. साप मरेल आणि काठीही वाचेल.

एवढं सुरेख गणित मांडलं आणि ह्यांना सांगितलं. ह्यांनी शांतपणे ऐकलं.

"ह्यात साप कोण?" विचारलं.

१७ फेब्रुवारी

सकाळी लवकर गेले. काडीवाल्यांच्या दारावर थाप मारली आणि आत जाऊन उभ्याउभ्याच सांगितलं. तो सूर माझा. मला बासरी ऐकू येत नाही, कानाचं यंत्र लवकरच मिळेल. मी तिच्या खांद्याकडे बघून वाजवते. ती पान उलटत होती, आणि तसं उलटायला मीच फर्मावलं होतं. तिनं माझ्यासाठी खोटं सांगितलं आणि मी सांगू दिलं.

त्यांनी हातातली काडी टेबलावर ठेवली. मग म्हणाले, "आठ तारखेला मी तुम्हाला विचारलं होतं."

"हो."

"तेव्हा सांगितलं असतं तर..."  कागद पुढे ओढून काहीतरी खोडलं. "ती राहील. तुमची जागा हंगाम संपेपर्यंत तीच सांभाळेल. तुम्ही यंत्र लावून शेवटच्या स्टँडवर बसून बघा. जमलं तर जमलं."

"मंडळींना मी सांगते," म्हटलं.

"तशी गरज नाही. मी सांगेन."

"नाही. चूक तिच्या नावावर सगळ्यांच्या देखत चढलीय. उतरायची तर तशीच."

तार लावायच्या आधी मी माझ्या खुर्चीपाशी उभी राहिले आणि मागे तोंड केलं. इतकी वर्षं ही माणसं माझ्या पाठीशी बसली. ह्यातल्या निम्म्यांना मी गज धरायला शिकवलंय. पेन्सिलनं माझी बाही हळूच ओढली, "ताई, नको." मी बाही सोडवून घेतली आणि सांगितलं. लांबण लावली नाही. 

कुणी हललं नाही. मला वाटलं, धक्का बसला असेल. मग मागून दाढीवाला काहीतरी बोलला. दाढीत त्याचे ओठ दिसत नाहीत.

"काय म्हणालास?" मी विचारलं.

त्यानं मान वर केली आणि मोठ्यानं, सगळ्या सभागृहाला ऐकू जाईल असं म्हणाला, "माहीत आहे, ताई, म्हटलं."

"कधीपासून?"

"त्याच वेळेपासून. आम्ही मागे बसतो. गज कुणाचा हलला ते दिसतं की. आणि पानावरच्या हातानं तार दाबता येत नाही, एवढं आम्हाला तुम्हीच शिकवलंत."

एकेक आठवलं. तो न आणलेला कप, पांगलेला घोळका, बिस्किटं. आणि मी वळून केलेलं ते भाषण. सगळ्यांनी ते ऐकून घेतलं होतं, ते काय आहे हे माहीत असताना.

"मग बोलला का नाहीत कुणी?"

दाढीवाल्यानं आजूबाजूला बघितलं. मग म्हणाला, "तुम्ही बोलाल म्हणून थांबलो होतो. पहिले काही दिवस रोज वाटायचं, आज बोलतील." त्यानं गज मांडीवर आडवा ठेवला. "मग वाटायचं बंद झालं."

तो वाईट बोलला नाही. जे होतं ते बोलला.

पेन्सिल रडत होती. तिला म्हटलं, "सरक त्या खुर्चीवर. डोळे पूस, पान ओलं होईल." ती सरकली. मी चेलो उचलला आणि खुर्च्यांमधून वाट काढत मागे गेले. कुणी पाय आखडून घेतले, कुणी नाही.

शेवटच्या स्टँडवर दाढीवाला एकटाच बसतो. शेजारच्या खुर्चीवर त्याची पिशवी होती. त्यानं ती लगेच उचलली नाही. मी चेलो धरून उभी राहिले. उभं राहणं भागच होतं, आणि योग्यही. समोर काडीवाले येऊन उभे राहिले, वृंद गप्प झाला, तरी मी उभीच. मग त्यानं पिशवी उचलून पायाशी ठेवली.

मी बसले. समोर सगळ्यांच्या पाठी होत्या, आणि त्यांच्यापलीकडे इवलीशी पेन्सिल, माझ्या खुर्चीवर ताठ बसलेली. काडी वर गेली. मी इथे पूर्वी कधी बसले नव्हते. इथून सगळ्यांचे गज दिसतात. एकूण एक.